अनोळखी गिऱ्हाइकास पत्र

पुण्यासारख्या शहरांतील एखाद्या बेकरीच्या मालकाचा दिवस पहांटे तीनचारच्या सुमारास सुरू होतो. भट्टी तापलेली असते, पाव लावण्याची घाई असते, उजाडतां उजाडतां दुकान उघडावयाचें असतें. सकाळची गर्दी ओसरली म्हणजे दहाच्या सुमारास तो गल्ल्याशीं टेकतो, चहा मागवितो आणि मोबाईलवर आलेले ईमेल पाहूं लागतो. बँकेचें एक पत्र, विजेच्या बिलाचें एक, मैदा पुरविणाऱ्या व्यापाऱ्याचें एक. आणि उरलेलीं पंधरावीस पत्रें अशा माणसांचीं, कीं ज्यांचें नांवहि त्यानें कधीं ऐकलेलें नाहीं. कोणी त्याला यंत्रें विकूं पाहतो, कोणी कर्ज देऊं करितो, कोणी त्याच्या दुकानाची जाहिरात करून देण्यास उत्सुक असतो. चहा निवण्याच्या आंत हीं सारीं पत्रें पुसलीं जातात. एखादें मात्र उघडलें जातें. तेंच कां उघडलें गेलें, हा प्रश्न वरवर क्षुल्लक दिसतो. पण ज्याचा माल विकावयाचा पडून राहिला आहे, त्याच्या दृष्टीनें तो क्षुल्लक नाहीं.

असा एक मालधनी डोळ्यांपुढें आणावा. समजा, तो तासगांव तालुक्यांतील द्राक्षबागाईतदार आहे. फेब्रुवारी ते एप्रिल ह्या दिवसांत त्यानें आपलीं द्राक्षें शेडवर जाळ्यांच्या थरांत वाळवून बेदाणा केला. सुमारें चार किलो द्राक्षांचा एक किलो बेदाणा होतो. म्हणजे बागेंतील मेहनतीचा हा अर्कच म्हणावयाचा. सौद्यांत त्या वेळीं भाव पडला, म्हणून दहा टन माल त्यानें शीतगृहांत ठेवला. आतां शीतगृहाचें भाडें दरमहा चढतें आहे, कर्जाचें व्याज चढतें आहे, आणि पुढील हंगामाचा नवा बेदाणा बाजारांत आला म्हणजे ह्या मालाची गणना जुन्यांत होणार. सौद्याची वाट न पाहतां थेट बेकऱ्यांना, मिठाईवाल्यांना, बिस्किटांच्या कारखान्यांना माल द्यावा, असें त्याच्या मनांत येतें. पण त्यांच्यापैकीं कोणाचीच ओळख नाहीं. गांवोगांव हिंडून दारें ठोठावण्यास सवड नाहीं. उरला मार्ग पत्राचा.

घरांतील शिकलेल्या मुलावर हें काम सोंपविलें जातें. तो कोणाकडून तरी पांच हजार पत्त्यांची यादी विकत घेतो आणि सर्वांस एकदम पुढील मजकूर धाडतो:

“विषय: सर्वोत्कृष्ट बेदाणा — सुवर्णसंधि!!! माननीय महोदय/महोदया, हें पत्र पोहोंचेल तेव्हां आपण कुशल असाल अशी आशा आहे. आमची संस्था बेदाण्याच्या क्षेत्रांत अग्रगण्य असून उत्कृष्ट गुणवत्ता, वाजवी दर व तत्पर सेवा हें आमचें ब्रीद आहे. ग्राहकांचें समाधान हाच आमचा नफा. सोबत चौदा पानांचें माहितीपत्रक व दरपत्रक जोडलें आहे. कृपया आपली मागणी त्वरित नोंदवावी.”

ह्या मजकुरांत व्याकरणाची एकहि चूक नाहीं. परीक्षेच्या उत्तरपत्रिकेंत त्यास बरे गुण मिळाले असते. दोष आहे तो दुसऱ्या ठिकाणीं. ‘बेदाणा’ हा शब्द खोडून तेथें ‘सिमेंट’ हा शब्द लिहावा. पत्र तसेंच्या तसें चालतें. घेणाऱ्याच्या जागीं बेकरीवाल्याऐवजीं दवाखाना घालावा, तरीहि चालतें. जें पत्र कोणाहि विकणाऱ्याकडून कोणाहि घेणाऱ्याकडे जाऊं शकतें, तें कोणासच लिहिलेलें नसतें, आणि वाचणाऱ्यास हें पहिल्या ओळींतच कळतें. ‘महोदय/महोदया’ ह्या दोन शब्दांमधील तिरपी रेघ तर उघडउघड सांगते कीं, समोर पुरुष आहे कीं स्त्री, ह्याची चौकशी करण्याचीहि तसदी लेखकानें घेतलेली नाहीं.

कुशल पुसण्याविषयीं थोडें लिहिणें अवश्य आहे. मराठी पत्रलेखनांत कुशलाचा मायना जुना आहे. येथील कुशल जाणून स्वकीय कुशल लिहीत जावें, ही आपल्या वडिलांची रीत. आणि तींत अर्थ होता, कारण पत्र येण्यास दिवसच्या दिवस लागत आणि मधल्या काळांत खरोखरच काय घडलें असेल ह्याची चिंता असे. परंतु तें कुशल आप्तांस व स्नेह्यांस पुसलें जाई. ज्याचें तोंड कधीं पाहिलें नाहीं, त्याच्या प्रकृतीची चौकशी करून लगेच त्यास माल विकावयास लागणें हें कांहीं आदराचें लक्षण नव्हे. मोबाईलच्या पडद्यावर विषयाच्या ओळीखालीं मजकुराचे पहिले कांहीं शब्द दिसतात. ती मोलाची जागा कुशलप्रश्नांत गेली, तर उघडण्याजोगें कांहीं आंत आहे हें वाचणाऱ्यास कळावें कसें?

अपरिचितास विक्रीचें पत्र पाठविण्याची चाल नवी नाहीं. हिंदुस्थानांत १८७९ सालीं पाव आण्याचें, म्हणजे एका पैशाचें पोस्टकार्ड निघालें आणि दूरच्या गांवांतील माणसापुढें आपला माल मांडण्याचा स्वस्त मार्ग व्यापाऱ्यांस मिळाला. स्वस्त खरा, परंतु फुकट नव्हे. पांच हजार कार्डें पाठवावयाचीं तर पांच हजार पैसे, म्हणजे अठ्ठ्याहत्तर रुपये दोन आणे पडत. आणि ती रक्कम त्या काळच्या प्राथमिक शिक्षकाच्या कित्येक महिन्यांच्या पगाराएवढी होती. कार्ड कोणास धाडावें, कोणास धाडूं नये, हा विचार त्यामुळें आपोआप होई. जागाहि बेताची, म्हणून मजकूर आटोपशीर असे. किर्लोस्करवाडीच्या कारखान्यानें १९२० सालीं ‘किर्लोस्कर खबर’ काढली, ती कारखान्याच्या मालाची माहिती गिऱ्हाइकांपर्यंत नेण्यासाठीं. पण वाचणाऱ्यास वाचावेंसें वाटेल असें कांहीं तींत असावें, हें पथ्य शंकरराव किर्लोस्करांनीं पाळलें, आणि त्या खबरेचेंच पुढें मराठींतील एक नामांकित मासिक झालें. आपल्या मालाची स्तुति ऐकण्यास कोणी बांधलेला नसतो, हें त्या पिढीस चांगलें ठाऊक होतें.

ईमेलनें हा हिशेब उलटा केला. पाठविणाऱ्यास पांच पत्रें आणि पांच हजार पत्रें सारखींच. खर्च नाहींसा झाला असें मात्र नाहीं. तो वाचणाऱ्याकडे गेला. पांच हजार माणसांनीं एक निरुपयोगी पत्र पुसण्यास प्रत्येकीं तीन सेकंद घातले, तरी चार तासांहून अधिक वेळ होतो, आणि तो सर्व परक्यांचा. अनोळखी माणसाच्या पत्राविषयीं आज जो सार्वत्रिक तिटकारा आहे, त्याचें मूळ येथें आहे. ह्यावर उपाय एकच. पाठविणाऱ्यानें जो खर्च पैशानें करावयाचा राहिला, तो त्यानें श्रमानें करावा. आणि तो केला आहे हें पत्रांत दिसावें.

अशा पत्रांपैकीं पहिलें म्हणून ज्याची नोंद आहे, तें मे १९७८ मध्यें अमेरिकेंत निघालें. डिजिटल इक्विपमेंट कॉर्पोरेशन ह्या संगणक बनविणाऱ्या कंपनीचा गॅरी थुर्क नांवाचा विक्री अधिकारी होता. इंटरनेटचें पूर्वरूप जें अर्पानेट, त्यावरील सुमारें चारशें लोकांस त्यानें एकाच पत्रानें कॅलिफोर्नियांतील आपल्या नव्या यंत्रांच्या प्रात्यक्षिकास बोलाविलें. पत्ते छापील यादींतून घेतलेले होते, आणि ते इतके झाले कीं ठरलेल्या जागेंत न मावून खालीं मजकुरांत सांडले. कित्येकांस प्रथम दिसली ती परक्यांच्या पत्त्यांची रांगच. तक्रारी पुष्कळ झाल्या. तथापि प्रात्यक्षिकास लोक आले व यंत्रेंहि विकलीं गेलीं, असें तो पुढें सांगत असे. ह्या गोष्टीचा दाखला देऊन कित्येक विक्रीवाले म्हणतात कीं, ढिगानें पत्रें पाठविलीं म्हणजे काम होतें. पण त्यांच्या ध्यानांत एक गोष्ट येत नाहीं. तीं पत्रें पश्चिम किनाऱ्याकडील लोकांस गेलीं होतीं, म्हणजे प्रात्यक्षिकाचें ठिकाण त्यांच्या आवांक्यांत होतें. आणि तें यंत्र अर्पानेटला जोडतां येण्याजोगें होतें, म्हणजे त्यांच्या उपयोगाचें होतें. जें यश आलें तें ह्या निवडीचें. जी शिव्यागाळ झाली ती उरलेल्या निष्काळजीपणाची.

तेव्हां बागाईतदाराच्या मुलानें पांच हजारांची यादी बाजूस ठेवावी आणि चाळीस नांवांची स्वतःची यादी करावी. ती घरबसल्या पुष्कळशी होते. बेकऱ्यांचीं स्वतःचीं संकेतस्थळें असतात. त्यांवर कोणते जिन्नस विकतात तें दिसतें. बिस्किटांच्या व मिठाईच्या वेष्टनावर बनविणाऱ्याचा पत्ता व अन्नपरवान्याचा क्रमांक छापलेला असतो, आणि घटकपदार्थांच्या यादींत बेदाणा आहे कीं नाहीं हेंहि तेथेंच कळतें. ज्याच्या एकाहि पदार्थांत बेदाणा नाहीं त्यास लिहूं नये, हें सांगण्याची गरज पडूं नये, पण पडते. नंतर पाहावयाचें तें माणूस. लहान बेकरींत मालकच खरेदी करितो. कारखान्यांत खरेदीचा अधिकारी निराळा असतो, आणि माल पसंत करणारा गुणवत्ता तपासनीस त्याहून निराळा. कोणाच्या हातीं निर्णय आहे तें न कळल्यास दूरध्वनि करून दुकानांत सरळ विचारावें कीं, बेदाण्याची खरेदी कोण पाहतात. बहुतेक ठिकाणीं सांगतात. नांव कळलें कीं तें शुद्ध लिहावें. कुलकर्ण्यांस ‘कुळकर्णी’ आणि कुळकर्ण्यांस ‘कुलकर्णी’ लिहिणाराचें पुढचें वाक्य कोणी प्रसन्न मनानें वाचीत नाहीं.

तिसरी चौकशी काळाची, आणि ती फार उपयोगी पडते. नाताळच्या केकसाठीं लागणारीं सुकीं फळें बेकरीवाले पुष्कळ दिवस, कित्येक ठिकाणीं महिनोन्‌महिने, आधीं भिजत घालतात. म्हणजे केक डिसेंबरांत विकला गेला तरी बेदाण्याची खरेदी पावसाळा संपण्याच्या सुमारासच होऊन चुकते. मिठाईवाल्याची दिवाळीची बेगमीहि आधींच झालेली असते. डिसेंबरच्या दहा तारखेस आलेलें उत्तम पत्र ऑगस्टांत आलेल्या सामान्य पत्राची बरोबरी करूं शकत नाहीं. ज्याला गिऱ्हाइकाच्या धंद्याचें पंचांग ठाऊक आहे, त्याचें अर्धें काम लेखणी उचलण्यापूर्वींच झालेलें असतें.

इतकें झाल्यावर पत्र कसें व्हावें, तें पाहूं जातां पुढील मजकूर नमुन्यादाखल देतां येईल:

“विषय: नाताळच्या केकसाठीं काळा बेदाणा — २०० ग्रॅम नमुना.

श्रीयुत (आडनांव) यांस, स. न. वि. वि.

आपल्या दुकानांत नाताळच्या केकची नोंदणी ऑक्टोबरपासून होते, असें आपल्या संकेतस्थळावर वाचलें. त्यासाठीं फळें लवकरच भिजत पडतील, म्हणून आजच लिहीत आहें. तासगांवजवळ आमचा स्वतःचा बाग व शेड आहे. यंदाचा काळा बेदाणा शीतगृहांत आहे: देंठ काढलेला, निवडलेला, ओलावा पंधरा टक्क्यांच्या आसपास, १५ किलोच्या पेटींत. आपल्या पद्धतीनें भिजवून पाहण्यासाठीं २०० ग्रॅम नमुना विनामूल्य पाठवूं काय? ‘पाठवा’ एवढेंच उत्तर पुरे. पत्ता दुकानाचा धरतों. नको असल्यास तसें कळवावें, म्हणजे पुन्हां तसदी देणार नाहीं.”

खालीं नांव, गांव, परवान्याचा क्रमांक आणि दूरध्वनि. बस्स. पडदा न सरकवितां वाचून होईल एवढेंच हें पत्र आहे.

ह्यांत स्तुतीचा शब्द नाहीं. ‘उत्कृष्ट’ हें विशेषण विकणाऱ्याच्या तोंडीं कांहींच सांगत नाहीं. ‘देंठ काढलेला’ हें मात्र बेकरीवाल्यास पुष्कळ सांगतें, कारण केकांत देंठ लागला तर गिऱ्हाईक केक परत घेऊन कोणाकडे येतें तें तोच जाणतो. तसेंच ओलाव्याचें. फार ओला बेदाणा टिकत नाहीं, फार कोरडा चिवट होतो. तो आंकडा वाचून लिहिणारा ह्या धंद्यांतला आहे, हें विशेषणांवांचून कळून येतें. मात्र आंकडा खरा पाहिजे. न तपासतां लिहिलेला आंकडा पहिल्या पेटीबरोबर उघडा पडतो, आणि मग ते दुसरें पत्र कितीहि चांगलें लिहिलें तरी उपयोग नाहीं.

त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे मागणें. पहिल्या पत्रानें दहा टनांची मागणी नोंदवून घेण्याची आशा धरणें म्हणजे सोयरिकीच्या पहिल्या पत्रांतच लग्नाची तिथि विचारण्यासारखें आहे. अनोळखी माणसाकडून एका वेळीं एकच गोष्ट मागावी, आणि ती अशी असावी कीं ‘हो’ म्हणण्यास त्यास उठून आंत जावें लागूं नये. ‘एकदां भेटूं’, ‘सवडीनें बोलूं’, ‘माहितीपत्रक पाहावें व अभिप्राय कळवावा’ ह्या मागण्या दिसण्यांत सौम्य आहेत. पण प्रत्येकींत त्याच्या दिवसांतील अर्धा तास मागितलेला आहे. नमुन्याच्या मागणींत देणारा लिहिणाराच आहे. आणि शेवटचें वाक्य, नको म्हणण्याची मोकळीक देणारें, पुष्कळांस अपशकुनी वाटतें. वस्तुतः त्यानेंच वाचणाराचें मन सैल होतें. ज्याच्या तावडींतून सुटतां येणार नाहीं अशी शंका येते, त्यास उत्तर द्यावयास कोणी धजत नाहीं.

प्राप्तकर्त्याविषयीं जें वाक्य घालावयाचें, तें मागण्याशीं जोडलेलें असावें. वरील पत्रांत नोंदणीचा उल्लेख आहे तो त्यावरून भिजवण्याचा काळ निघतो म्हणून. अलीकडे पत्रें लिहून देणारीं संगणकीय यंत्रें सर्वांच्या हातीं आलीं आहेत. तीं दुकानाच्या संकेतस्थळावरून एखादें वाक्य उचलतात, ‘आपली परंपरा पाहून आम्ही भारावून गेलों’ असें म्हणतात, आणि पुढच्या ओळींत कर्ज किंवा जाहिरात विकूं लागतात. दोहोंत कांहीं दुवा नसतो. वाचणाऱ्यांस ही लकब आतां ओळखूं येऊं लागली आहे. यंत्राकडून शुद्धलेखन तपासून घेण्यास हरकत नाहीं. गिऱ्हाइकाचा विचार मात्र त्याच्यावर सोंपवितां येत नाहीं.

विषयाच्या ओळींत काय आहे तें सरळ लिहावें. उद्गारचिन्हें, ‘तातडीचें’, ‘शेवटची संधि’ हे शब्द टाळावे. पूर्वीं कधीं पत्रव्यवहार नसतां आरंभीं ‘उत्तर’ अशा अर्थाचें चिन्ह घालून जुन्या ओळखीचा आभास करण्याची एक युक्ति प्रचारांत आहे. ती उघडून घेण्यापुरती चालते. पण पत्र उघडणारा त्याच क्षणीं फसवला गेल्याचें जाणतो, आणि ज्यानें ओळखीच्या आधींच एकदां फसविलें त्याच्याकडून बेदाणा कोण घेणार?

भाषेविषयीं प्रश्न नेहमीं येतो. मराठींत लिहावें कीं इंग्रजींत? दुकानाची पाटी व संकेतस्थळ ज्या भाषेंत आहे त्या भाषेंत लिहावें. बेंगळूरच्या कारखान्यास इंग्रजी. कोल्हापुरच्या मिठाईवाल्यास मराठी. इंग्रजी बेताचें असेल तर छोटीं वाक्यें लिहावींत; अडखळत्या लांब वाक्यांपेक्षां तीं पुष्कळ बरीं दिसतात. व्हॉट्सअ‍ॅपवर लिहिणाऱ्यासहि हेंच सर्व लागू आहे, फक्त तेथें परक्याचें येणें अधिक झोंबतें, कारण तें घरच्या माणसांच्या निरोपांत येऊन बसतें.

पहिल्या पत्रास कांहीं जोडूं नये. अनोळखी माणसानें जोडलेली फाईल उघडण्यास जाणता मनुष्य भितो, आणि तें योग्यच आहे. चित्रें, रंगीत अक्षरें, चारपांच दुवे ह्यांनीं पत्र जाहिरातीसारखें दिसूं लागतें. वाचणाऱ्यासहि आणि त्याच्या आधीं तें चाळणाऱ्या यंत्रासहि.

ह्या चाळणीची थोडी माहिती असल्यावांचून चालत नाहीं, कारण तींत अडकलेलें पत्र कितीहि सुंदर असलें तरी कोणाच्या दृष्टीस पडत नाहीं. ईमेलच्या पाकिटावर पाठविणाऱ्याचें नांव कोणीहि कांहींहि लिहूं शकतो. म्हणून तीन खुणा ठरविल्या गेल्या आहेत. एसपीएफ म्हणजे कोणकोणत्या सर्व्हरांतून आपल्या नांवाचें पत्र निघूं शकतें, त्यांची जाहीर यादी. डीकेआयएम ही लखोट्यावरील लाखेच्या मोहोरेसारखी आहे. मजकूर वाटेंत बदलला तर ती जुळत नाहीं. आणि ह्या खुणा न जुळल्यास पत्राचें काय करावें, ही धन्याची सूचना म्हणजे डीमार्क. फेब्रुवारी २०२४ पासून जीमेल व याहू ह्यांनीं पाठविणाऱ्यांवर हे नियम कडक केले. रोज पांच हजारांहून अधिक पत्रें पाठविणारास तिन्ही खुणा सक्तीच्या झाल्या, जाहिरातीच्या पत्रांतून एका टिचकीसरशी नांव काढून घेण्याची सोय द्यावी लागूं लागली, आणि ‘हें नको असलेलें पत्र आहे’ अशा तक्रारी हजारीं तिनांच्या खालीं ठेवणें भाग पडलें. हजारांत तीन! पांच हजारांच्या विकत यादीवर पंधरा बेकरीवाले वैतागले कीं मर्यादा गांठली. मग त्या पत्त्यावरून जाणारीं नेहमींच्या गिऱ्हाइकांचीं बिलेंसुद्धां कचऱ्याच्या पेटींत पडूं लागतात. बागाईतदाराचें खरें नुकसान तें आहे. कित्येक कंपन्या ह्यावर तोड म्हणून मिळतेंजुळतें दुसरें नांव घेऊन त्यावरून पत्रें सोडतात, बदनामी त्या नांवाची व्हावी म्हणून. ज्या नांवाची लाज वाटते त्या नांवानें गिऱ्हाईक जोडावें कां, ह्याचें उत्तर त्यांच्यापाशीं नसतें.

कायदा देशोदेशीं निरनिराळा आहे. अमेरिकेंत २००३ च्या कॅन-स्पॅम कायद्यानें आधीं अनुमति घेण्याची सक्ति केली नाहीं; पण खोटा विषय व खोटें नांव मना केलें, टपालाचा खरा पत्ता देणें आवश्यक केलें, आणि ‘नको’ म्हटल्यावर कामाच्या दहा दिवसांत थांबणें बंधनकारक केलें. जर्मनींत मात्र आधीं स्पष्ट संमति घेतल्यावांचून जाहिरातीचा ईमेल पाठविणें गैर ठरतें, मग समोर व्यापारी पेढी कां असेना. परदेशीं बेदाणा पाठविण्याची हौस असणाऱ्यानें हें ध्यानांत ठेवावें व तेथें प्रदर्शनांतून किंवा दूतावासाच्या व्यापार कचेरीमार्फत ओळख काढावी. भारतांत २०१८ ची दूरसंचार नियामकांची नियमावली आहे ती दूरध्वनि व एसएमएस ह्यांपुरती आहे. ईमेलसाठीं निराळा कायदा नाहीं. परंतु २०२३ सालीं व्यक्तींच्या माहितीच्या संरक्षणाचा कायदा झाला आणि २०२५ सालीं त्याचे नियम निघाले, तेव्हां कोणी कोठून जमविलेल्या पत्त्यांच्या याद्या विकत घेण्याचे दिवस सरत आले आहेत.

उत्तर न आल्यास काय करावें? आठवडाभरानें एकदां लिहावें. कचेरींतील स्मरणपत्राप्रमाणें ‘दिनांक अमुकच्या पत्राकडे लक्ष वेधण्यांत येत आहे’ असें लिहूं नये. ज्यानें कांहीं देणें लागत नाहीं त्यास तगादा कसला? दुसऱ्या पत्रांत कांहीं नवें असावें. काळा बेदाणा संपत आला व तपकिरी उरला आहे, किंवा पुढील सोमवारीं आपली गाडी पुण्यास येत आहे, असें कांहीं. पण तें खरें असावें. एवढ्यानेंहि उत्तर नाहीं आलें तर तो विषय तेथेंच ठेवावा. मौन हेंहि एक उत्तर आहे आणि तें पुष्कळदां सौजन्यानें दिलेलें असतें.

पत्र किती जणांनीं उघडलें तें सांगणारी सोय विकणारे भेटतात. पत्रांत डोळ्यांस न दिसणारा एक ठिपका दडविलेला असतो, त्यावरून ते मोजतात. २०२१ पासून ॲपलच्या मेलमध्यें वाचणाऱ्याची इच्छा असल्यास तो ठिपका वाचण्यापूर्वींच परस्पर उघडला जातो. त्यामुळें त्या संख्येस फारसा अर्थ राहिलेला नाहीं. मोजावयाचीं तीं उत्तरें मोजावींत. चाळीस पत्रांस प्रत्येकीं चौकशीसह पंधरा मिनिटें धरलीं तर दहा तास होतात; रोज संध्याकाळीं एक तास दिला तर दहा दिवसांचें काम. चाळिसांतून तिघांनीं नमुना मागितला तर निराश होण्याचें कारण नाहीं. एका मध्यम बेकरीचा वर्षाचा बेदाणा म्हणजे कित्येक पेट्या, आणि एकदां जिभेवर बसलेला माल बेकरीवाला सहसा बदलीत नाहीं. ‘आमचा पुरवठादार ठरलेला आहे’ असें ज्याचें उत्तर येईल, त्यास आभाराची एक ओळ लिहावी व वहींत नांवापुढें तशी खूण करावी, म्हणजे पुढच्या वर्षीं घरांतील दुसऱ्या कोणी त्यास चुकून लिहिणार नाहीं.

आणि ज्याचें ‘पाठवा’ असें उत्तर आलें, त्याचें पाकीट त्याच दिवशीं निघालें पाहिजे. नमुना ज्या मालांतून पेट्या जाणार त्याच मालाचा असावा. निवडून काढलेले टपोरे मणी पाठवूं नयेत. पिशवीवर हंगाम, पेटीचा दर, पुण्यापर्यंतच्या भाड्यासह पडणारी किंमत आणि दूरध्वनि एवढें लिहावें. एस. टी.च्या पार्सलानें तें दुसऱ्या दिवशीं पोहोंचतें. पोहोंचल्याचें कळल्यावर आठ दिवस गप्प बसावें. बेदाणा भिजावयास तेवढा वेळ लागतो.